सात आठवड्यांची एक दुपार

‘शोले’मधली मालगाडीवरची चकमक पडद्यावर काही मिनिटांत आटोपते. घोड्यांवरून येणारे डाकू, डब्यांवरची पळापळ, रुळांवर रचलेले ओंडके, ते फोडून पुढे निघणारं इंजिन. पाहणाऱ्याला वाटतं, हे सगळं एका दुपारी घडलं. प्रत्यक्षात पनवेलच्या बाजूला, मुंबई-पुणे रेल्वेमार्गावर, हे चित्रीकरण सात आठवड्यांहून जास्त चाललं होतं. एवढ्या काळात उन्हाचा कोन बदलतो, ढग येतात-जातात, हवेतली धूळ कमी-जास्त होते. पडद्यावर यातलं काही दिसत नाही. छायालेखक द्वारका दिवेचा यांनी सात आठवडे खर्चून एक दुपार उभी केली होती.

मोठ्या बजेटच्या ॲक्शनपटांच्या छायालेखकाचा धंदा काय, असं कुणी विचारलं तर मी हेच उदाहरण देतो. लोकांच्या मनातलं चित्र वेगळं असतं. हेलिकॉप्टरला लटकलेला, धावत्या जीपच्या बॉनेटवर पालथा पडलेला धाडसी माणूस त्यांना आठवतो. तशी माणसं या क्षेत्रात आहेत आणि त्यांच्याबद्दल पुढे लिहिलं आहे. पण मूळ काम धाडसाचं नाही, सांधण्याचं आहे. दोन माणसं खोलीत बसून बोलतात तो प्रसंग एका दिवसात, एका ठिकाणी, त्याच दोन नटांकडून करून घेता येतो. तीन मिनिटांची हाणामारी मात्र फुटून विखुरते. नायकाचा चेहरा एका महिन्यात, त्याच्या डबलची पाठ दुसऱ्या महिन्यात. रस्ता हैदराबादला, गाडीचं अंतरंग मुंबईच्या फ्लोअरवर. काचा फुटतात त्या सेकंड युनिटसमोर आणि मागचं जळतं शहर कुठल्यातरी व्हीएफएक्स कंपनीच्या संगणकात. हे तुकडे जोडल्यावर सगळ्यांवर एकच ऊन पडलेलं दिसलं पाहिजे. बजेट जसं वाढत जातं तसं चित्र एका माणसाच्या हातातून सुटत जातं, आणि तरीही नाव त्याचंच लागतं. या पुस्तकाचा विषय आहे तो या ओढाताणीत गेलेली आयुष्यं.

मराठीत छायालेखनावर लिहिलं गेलं नाही असं नाही. पण जे लिहिलं गेलं ते बहुतेक समांतर सिनेमाच्या अंगाने, आणि ॲक्शनपटांच्या वाट्याला परीक्षणाच्या शेवटी एक ओळ आली: ‘छायाचित्रण नेत्रसुखद आहे.’ गंमत अशी की चांगल्या ॲक्शनपटाचं छायाचित्रण पुष्कळदा नेत्रसुखद नसतंच. ते स्पष्ट असतं. कोण कुठे उभा आहे, दार कुठल्या बाजूला आहे, पिस्तूल कुणाच्या हातापासून किती लांब पडलं आहे, हे न सांगता कळतं.

या क्षेत्रात नव्याने येणाऱ्या वाचकासाठी कामाची थोडी ओळख आधी करून देतो, कारण पुढचा इतिहास त्यावाचून नुसती नावांची जंत्री होईल.

छायालेखक, म्हणजे सेटवरच्या भाषेत डीओपी, मोठ्या ॲक्शनपटावर बहुतेक वेळा स्वतः कॅमेरा चालवत नाही. त्याच्या हाताखाली ऑपरेटर असतात, प्रत्येक कॅमेऱ्यामागे फोकस पुलर असतो, दिव्यांची फौज सांभाळणारा गॅफर असतो, ट्रॉली-क्रेनचे ग्रिप असतात. शेजारी फाइट मास्टर, पलीकडे व्हीएफएक्सचा पर्यवेक्षक. शूटिंगच्या कितीतरी आधी रेकी होते. डीओपी तिथे होकायंत्र किंवा मोबाइलवरचं ॲप घेऊन उभा राहतो आणि सूर्य कुठल्या तासाला कुठल्या भिंतीमागे जाणार ते टिपतो. मग जुना, हातखंडा उपाय: नट नेहमी असा उभा करायचा की सूर्य त्याच्या पाठीशी राहील. सकाळी पूर्वेकडे पाठ, दुपारनंतर पश्चिमेकडे. मागची पार्श्वभूमी बदलते, पण खांद्यावरची उन्हाची कड तीच राहते, आणि प्रेक्षक दिशा विसरून त्या कडेवर विश्वास ठेवतो. चेहऱ्याच्या जवळच्या शॉटसाठी वर भलंमोठं पांढरं कापड ताणलं की ढग आला काय नि गेला काय. लांबचे शॉट मात्र ठरलेल्या तासांतच. त्या तासाची वाट पाहत अख्खं युनिट बसून असतं आणि प्रॉडक्शन मॅनेजर घड्याळ बघत असतो. हा तणाव कुठल्याही मेकिंग व्हिडिओत दिसत नाही.

दुसरी बाब वेगाची. पडद्यावर माणूस संथ उडायला हवा असेल तर कॅमेरा जोरात पळवावा लागतो. सेकंदाला २४ ऐवजी ९६ चौकटी घेतल्या की प्रत्येक चौकटीला प्रकाश चौपट कमी मिळतो. म्हणजे दिवे चौपट हवेत. धुरातून चालत येणाऱ्या नायकाची ती एंट्री, जिच्यावर थिएटरात नाणी उधळली जातात, ती छायालेखकाच्या दृष्टीने आधी जनरेटरची अडचण असते. फिल्मच्या काळात त्यात रोलचीही भर होती. ४०० फुटांचा ३५ मिलिमीटरचा रोल २४ चौकटींच्या वेगाने साडेचार मिनिटांच्या आत संपतो, १२० च्या वेगाने तो एका मिनिटाच्याही आत संपतो. स्फोट एकदाच होणार, गाडी एकदाच उलटणार, आणि कॅमेऱ्यात एका मिनिटाचीही फिल्म नाही. रोल नेमका कधी सुरू करायचा, हा निर्णय घेणाऱ्या माणसाच्या हाताला घाम सुटत असेल तर नवल नाही.

तिसरी बाब शटरची. नेहमीच्या १८० अंशांच्या शटरला २४ चौकटींवर प्रत्येक चौकट सेकंदाचा अठ्ठेचाळिसावा भाग उघडी राहते, त्यामुळे हालचाल किंचित पुसट होते आणि डोळ्याला ती सलग वाटते. शटर ४५ अंशांवर आणलं की ही पुसटता जाते. मातीचा प्रत्येक कण वेगळा दिसतो, धावणारा माणूस तुटक, दचकल्यासारखा हलतो. यानुश कामिन्स्की यांनी ‘सेव्हिंग प्रायव्हेट रायन’मध्ये (१९९८) ९० आणि ४५ अंशांचं शटर वापरून ओमाहा किनाऱ्यावरचं युद्ध असं तुटक केलं, आणि त्यानंतर काही वर्षं जगातली जवळजवळ प्रत्येक लढाई तशीच दिसू लागली. तलवारीच्याही.

आता इतिहास. तो मी आपल्या घरापासून सुरू करतो, आणि त्याला नुसता अभिमान हे कारण नाही. बाबूराव पेंटर यांनी कोल्हापुरात सहकारी दामल्यांच्या मदतीने देशी कॅमेरा जुळवला, महाराष्ट्र फिल्म कंपनी काढली, आणि १९२३ साली ‘सिंहगड’ केला. त्या काळी आपल्याकडे चित्रीकरण उन्हात, आरसे आणि पांढरी कापडं लावून होत असे. तानाजीची चढाई तर रात्रीची. दिवसा लढून तिला रात्र म्हणणं शक्य होतं, पण बाबूरावांनी त्या दृश्यांसाठी कृत्रिम प्रकाश वापरला. मला ही घटना फार महत्त्वाची वाटते, कारण भारतीय ॲक्शनपटाचा पहिला मोठा तांत्रिक पेच प्रकाशाचा होता हे तिच्यातून दिसतं. शेलारमामाच्या भूमिकेत त्यात तरुण शांताराम होते. त्यानंतर ९७ वर्षांनी, २०२० मध्ये, तीच चढाई ओम राऊत यांच्या ‘तान्हाजी’त आली. तिचं छायालेखन केइको नाकाहारा या जपानी छायालेखिकेचं. या वेळी दिवे मुबलक होते. गडाचा बराचसा भाग मात्र संगणकात होता.

मधल्या काळातली वाट फार वळणांची आहे. वाडिया बंधूंच्या स्टुडिओत स्टंट-नायिका नाडिया ‘हंटरवाली’ (१९३५) आणि ‘मिस फ्रंटियर मेल’ (१९३६) करत होती. आगगाडीच्या टपावरची मारामारी ‘शोले’च्या जवळजवळ चाळीस वर्षं आधीच आपल्याकडे रुजली होती. त्या छायालेखकांकडे ना झूम, ना हलका कॅमेरा. जे करायचं ते दुरून, एकाच दमात, आणि म्हणूनच आज ते पाहताना ती बाई खरोखर तिथे होती हे पटतं.

जपानमध्ये अकिरा कुरोसावा आणि छायालेखक आसाकाझू नाकाई यांनी ‘सेव्हन सामुराई’च्या (१९५४) शेवटच्या पावसातल्या लढाईसाठी एकाच वेळी अनेक कॅमेरे लावले, त्यांतले काही लांबून, लांब पल्ल्याच्या भिंगांसह. नटाला आपण कुठल्या चौकटीत आहोत हे कळत नाही, मग तो कॅमेऱ्यासाठी लढत नाही, नुसता लढतो. लांब भिंगामुळे अंतरं दाबली जातात. घोडा, चिखल, भाला आणि पाऊस एकमेकांवर आदळतात. पुढच्या पुष्कळशा बहुकॅमेरा ॲक्शनचा उगम इथे आहे. मात्र अनेक कॅमेऱ्यांसाठी प्रकाश करणं ही छायालेखकाची शिक्षा असते. एका कोनातून देखणा दिसणारा दिवा दुसऱ्या कोनातून थेट चौकटीत येतो. नाकाईंना ढगाळ आभाळाची साथ होती. रात्रीच्या शहरात पाच कॅमेरे लावणाऱ्याला ती नसते.

अमेरिकेत १९६८ च्या ‘बुलिट’ने पाठलाग स्टुडिओच्या मागच्या पडद्यावरून उचलून सॅन फ्रान्सिस्कोच्या चढउतारांवर आणला. छायालेखक विल्यम फ्रेकर, दिग्दर्शक पीटर येट्स. छोटे ॲरिफ्लेक्स कॅमेरे गाडीत बसवले आणि गाड्या खरोखरच्या वेगाने पळवल्या. त्या पाठलागात एक हिरवी फोक्सवॅगन पुन्हा पुन्हा मागे टाकली जाते, कारण एकाच धावेचे वेगवेगळ्या कॅमेऱ्यांतले तुकडे वेगळे रस्ते म्हणून जोडले आहेत. एकदा कळलं की ती दर वेळी दिसते. तरी पाठलाग ढासळत नाही. प्रकाशाचा आणि वेगाचा पोत इतका सलग आहे की डोळा गाडीचा हिशेब सोडून देतो. तीन वर्षांनी ‘द फ्रेंच कनेक्शन’मध्ये ओवेन रोइझमन यांनी न्यूयॉर्कची थंडी जवळजवळ माहितीपटासारखी मळकट टिपली. ब्रुकलिनमधल्या उन्नत रेल्वेखालच्या पाठलागात काही शॉट दिग्दर्शक विल्यम फ्रीडकिन यांनी मागच्या सीटवर बसून स्वतः घेतले. कॅमेरामनना बायकामुलं होती आणि आपण तेव्हा एकटे होतो, असं कारण ते पुढे सांगत. आज हा किस्सा धाडसाचा म्हणून सांगितला जातो. मला तो सुरक्षेचे नियम का लागतात याचा धडा वाटतो.

हाँगकाँगची परंपरा नृत्याच्या जवळची. तिथे मारामारीची रचना करणारा माणूस बऱ्याचदा कॅमेऱ्याची जागाही ठरवतो आणि छायालेखक त्याच्या तालात प्रकाश बसवतो. पीटर पाऊ यांनी ‘क्राउचिंग टायगर, हिडन ड्रॅगन’मध्ये (२०००) बांबूच्या शेंड्यांवरची लढाई केली तेव्हा नट क्रेनला बांधलेल्या तारांवर लटकले होते आणि तारा नंतर संगणकावर पुसल्या गेल्या. त्याबद्दल त्यांना ऑस्कर मिळालं. त्याच सुमाराला, १९९९ मध्ये, बिल पोप यांचा ‘द मॅट्रिक्स’ आला. त्यात सुमारे १२० स्थिर कॅमेरे वर्तुळात रचून काळ थांबवला होता. चित्रपटाच्या कॅमेऱ्याची हालचाल आणि चित्रपटाचा काळ या दोन गोष्टी वेगळ्या करता येतात हे तेव्हा पहिल्यांदा सर्वांना कळलं, आणि छायालेखकाच्या खुर्चीशेजारी व्हीएफएक्सची खुर्ची कायमची आली.

यानंतर घराणी फुटली. एका बाजूला ‘बॉर्न’. ‘द बॉर्न सुप्रीमसी’ आणि ‘द बॉर्न अल्टिमेटम’मध्ये ऑलिव्हर वूड यांनी हातातला कॅमेरा माणसासारखा अस्वस्थ ठेवला. तो उशिरा वळतो, शोधतो, हुकतो. ही शैली फार बदनाम झाली, पण दोष तिच्या अनुयायांचा. वूड यांच्या हलत्या चौकटीतही नजरेची दिशा पक्की असते. एका शॉटमध्ये आपण उजवीकडे बघत असू तर पुढच्याची महत्त्वाची गोष्ट उजवीकडेच सापडते. नकलाकारांनी फक्त हलणं उचललं. कच्ची मारामारी लपवायला ते सोयीचं होतं.

दुसऱ्या बाजूला नामिबच्या वाळवंटात केलेला ‘मॅड मॅक्स: फ्युरी रोड’ (२०१५). जॉन सील निवृत्तीतून परत आले, वय सत्तरीच्या आसपास, आणि आयुष्यात पहिल्यांदा पूर्ण चित्रपट डिजिटल कॅमेऱ्यावर केला. सुमारे ४८० तासांचं चित्रण झालं, त्यातून मार्गारेट सिक्सेल यांनी सुमारे २७०० तुकड्यांचा चित्रपट रचला. इतके झटपट तुकडे डोक्यात का शिरतात? कारण दिग्दर्शक जॉर्ज मिलर यांनी आग्रह धरला होता की महत्त्वाची गोष्ट नेहमी चौकटीच्या मध्यभागी हवी. डोळ्याला शोधाशोध करावी लागत नाही. रात्रीचे प्रसंग भर दुपारी केले गेले, तेही उलट रीतीने. जुनी पद्धत अशी की दिवसा प्रकाश कमी घ्यायचा आणि निळी छटा द्यायची. इथे मुद्दाम जास्त प्रकाश घेतला आणि नंतर तो उतरवला, म्हणजे सावल्यांतला तपशील शाबूत राहतो. चित्रपटाला सहा ऑस्कर मिळाली. छायालेखनाचं मात्र नाही. ‘टॉप गन: मॅव्हरिक’ला तर त्या विभागात नामांकनही नव्हतं. त्या चित्रपटात लढाऊ विमानाच्या कॉकपिटमध्ये सहा कॅमेरे होते. तिथे कॅमेरामनला जागाच नाही, म्हणून कॅमेरे नटांनीच चालू-बंद केले. क्लॉडिओ मिरांडा यांनी काय टिपलं ते विमान उतरल्यावरच बघायला मिळायचं. ऑस्करवाले याला छायालेखन म्हणत नसतील तर त्यांची व्याख्या तपासायला हवी, असं माझं मत आहे.

तिसरं घराणं स्टंटमनांनी काढलं. ‘जॉन विक’चे दिग्दर्शक चॅड स्टाहेल्स्की मुळातले स्टंटमन. दुसऱ्या भागापासून त्यांच्याबरोबर असलेले डेन्मार्कचे डॅन लाउस्टसेन रुंद चौकट लावतात, शॉट लांबवतात आणि दिवे रंगीत ठेवतात. नट खरोखर शिकून आला असेल तर कापाकापीची गरज काय? या घराण्याबाहेर रॉजर डीकिन्स यांनीही ‘स्कायफॉल’मध्ये (२०१२) शांघायच्या उंच इमारतीतली झटापट जवळजवळ एका स्थिर चौकटीत, जाहिरातींच्या उजेडासमोरच्या काळ्या आकृत्यांत केली. चेहरे दिसत नाहीत, तरी कोण जिंकतंय ते कळतं.

आणि आपलं घराणं? भारतीय ॲक्शनपटाला हॉलिवूडची नक्कल म्हणून हिणवण्याची सवय आपल्या समीक्षेला आहे. ती सोडायला हवी. के. के. सेंथिल कुमार पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून बाहेर पडले आणि ‘सै’पासून (२००४) दिग्दर्शक राजामौलींचे बरेच चित्रपट त्यांनी केले. ‘मगधीरा’, माशीला नायक करणारा ‘ईगा’, दोन्ही ‘बाहुबली’, ‘आरआरआर’. त्यांच्या चौकटीत वेग एकाच शॉटमध्ये संथ होतो, पुन्हा सुटतो, कॅमेरा नायकाच्या पायाशी बसून वर बघतो. पाश्चात्त्य ॲक्शनमध्ये संथ गती धक्क्याची असते, इथे ती दर्शनाची आहे. कीर्तनात बुवा कथा थांबवून रूप वर्णन करतात, तसा हा थांबा आहे आणि प्रेक्षकाला तो ओळखीचा आहे. भुवन गौडा यांचा ‘केजीएफ’ काळ्याकुट्ट, धुळकट छटांचा, तर गिरीश गंगाधरन यांचा ‘जल्लीकट्टू’ मशालींच्या उजेडात धावणारा. दक्षिणेतही एक शैली नाही.

आता माणसांकडे येतो. या धंद्यात शिरायच्या ठळक वाटा दोन आहेत आणि त्यांतली कुठलीही सरळ नाही. एक पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून जाते, प्रभातच्या जुन्या आवारातून. दुसरी मुंबईत अटेंडंट म्हणून कॅमेऱ्याच्या पेट्या उचलण्यापासून निघते. अटेंडंट, मग फोकस पुलर, मग ऑपरेटर, आणि नशीब असेल तर सेकंड युनिटचा डीओपी. सेकंड युनिट ही ॲक्शनपटाची खरी शाळा आहे. तिथे नट नसतात, चेहरे नसतात, श्रेय तर नसतंच, पण गाड्या उलटतात त्या तिथे. दुसऱ्याच्या प्रकाशाची हुबेहूब नक्कल करणं हे तिथलं कौशल्य, आणि स्वतःची शैली असलेल्या तरुणाला ते जड जातं.

मराठी वाचकाला दोन नावं जवळची वाटतील. महेश लिमये यांचे ‘नटरंग’ आणि ‘दबंग’ एकाच वर्षी, २०१० मध्ये, प्रदर्शित झाले. फडाच्या उजेडातली तमाशाची रात्र आणि गॉगल लावलेल्या पोलिसाची कर्कश दुपार. दोन्ही चित्रपट शेजारी ठेवून पाहिले तर ॲक्शनपटाचा छायालेखक वेगळ्या जातीचा प्राणी असतो हा समज गळून पडतो. दुसरे लक्ष्मण उतेकर, ‘इंग्लिश विंग्लिश’चे छायालेखक, जे दिग्दर्शक झाले आणि २०२५ मध्ये ‘छावा’ घेऊन आले. कॅमेऱ्यामागून दिग्दर्शनाकडे जाण्याची ही वाट जुनी आहे. ‘डाय हार्ड’चे (१९८८) छायालेखक यान डी बाँट यांनीही पुढे ‘स्पीड’ दिग्दर्शित केला. हेच डी बाँट त्याआधी ‘रोर’ नावाच्या चित्रपटावर सिंहाच्या हल्ल्यात सापडले होते. डोक्याला दोनशेच्या आसपास टाके पडले आणि बरे होऊन ते त्याच सेटवर परतले.

असे किस्से ऐकायला बरे असतात. सगळ्यांचा शेवट तसा नसतो. हवाई छायालेखक जॉनी जॉर्डन यांनी ‘यू ओन्ली लिव्ह ट्वाइस’च्या वेळी हेलिकॉप्टरच्या पात्यामुळे पाय गमावला, कृत्रिम पाय लावून पुढच्या बाँडपटासाठी हेलिकॉप्टरखाली लटकून चित्रण केलं, आणि ‘कॅच-२२’च्या चित्रीकरणात विमानातून पडून ते गेले. ऑक्टोबर २०२१ मध्ये ‘रस्ट’च्या सेटवर खऱ्या गोळीने छायालेखिका हॅलिना हचिन्स यांचा बळी घेतला. फेब्रुवारी २०२० मध्ये चेन्नईजवळ ‘इंडियन २’च्या सेटवर क्रेन कोसळून तिघे मेले. आणि अपघात फक्त उंचीवरचे नसतात. १९९७ मध्ये एक तरुण कॅमेरा असिस्टंट प्रदीर्घ शिफ्टनंतर घरी जाताना गाडी चालवताना झोपला आणि गेला. त्यानंतर बुजुर्ग छायालेखक हॅस्केल वेक्सलर यांनी कामाच्या तासांवर ‘हू नीड्स स्लीप?’ हा माहितीपट केला. मुंबईत बारा तासांची शिफ्ट चौदावर जाते तेव्हा ‘थोडंच राहिलंय’ म्हणणारा माणूस दिव्याच्या क्रेनखाली उभा नसतो.

स्त्रियांचा प्रश्न याला लागूनच आहे. कॅमेरा जड आहे, ॲक्शन बाईला जमणार नाही, हा युक्तिवाद कॅमेरा हलका झाल्यावरही टिकला. बी. आर. विजयालक्ष्मी तमिळमध्ये १९८५ पासून स्वतंत्र छायालेखन करत होत्या. प्रिया सेठ यांनी ‘एअरलिफ्ट’ आणि रणगाड्यांच्या युद्धावरचा ‘पिप्पा’ केला. नाकाहारांचं नाव वर आलंच आहे. ही यादी वाढते आहे, पण बजेट जितकं मोठं तितकी ती आजही छोटी होत जाते.

हे पुस्तक आत्ताच का, याला कारण आहे. २००८ च्या ‘स्लमडॉग मिलिअनेअर’मध्ये अँथनी डॉड मँटल यांनी मुंबईच्या वस्त्यांतल्या बोळांतून पोरांचा पाठलाग छोट्या डिजिटल कॅमेऱ्याने केला, तेव्हा कॅमेरा अरुंद जागेत शिरला. ‘द मँडलोरियन’पासून (२०१९) एलईडीच्या प्रचंड भिंतींवर देखावा आधीच उभा असतो आणि उजेडही त्याच भिंतीतून येतो. आता जागाच कॅमेऱ्याकडे आली. ड्रोन इमारतीवरून खाली सूर मारतो, तो चालवणारा मुलगा कदाचित रेसिंगमधून आलेला असतो आणि त्याने लाइट मीटर हातातही धरलेला नसतो. वाक्य टाइप केलं की चित्र तयार करणारी यंत्रं आली आहेत. अशा वेळी सूर्य कुठे आहे हा प्रश्न कोण विचारणार? संगणकातल्या गडावरची मशाल आणि फ्लोअरवरच्या नटाच्या गालावरची झळ जुळली नाही तर प्रेक्षक नाव घेऊन सांगू शकत नाही, पण त्याचा विश्वास उडतो. मोठ्या ॲक्शनपटांत आज जो खोटेपणा सगळ्यांना खुपतो त्याचं मूळ पुष्कळदा संगणकाच्या कुवतीत नसून या न जुळलेल्या प्रकाशात असतं. ते जुळवणारा माणूस निर्णयाच्या खोलीतून बाहेर ढकलला जातो आहे, डीआयच्या, म्हणजे अखेरच्या रंगजुळणीच्या, टेबलापर्यंत त्याला बोलावलं जाईलच असं नाही, आणि त्याच्या करारात त्या दिवसांचे पैसे असतीलच असंही नाही.

पुस्तकाची रचना मी कालक्रमाने केलेली नाही. प्रत्येक प्रकरण एका पेचाभोवती आहे: रात्र, गर्दी, वेग, उंची, आग, पाणी, आणि शेवटी संगणक. तो पेच वेगवेगळ्या देशांत, वेगवेगळ्या बजेटांत कसा सुटला, आणि सोडवणाऱ्याच्या पुढच्या कामावर त्याचा काय परिणाम झाला, हे सांगण्याचा प्रयत्न आहे. नामवंतांच्या चरित्रांपेक्षा कामाकडे लक्ष जास्त आहे. ‘शोले’ला फिल्मफेअरचा एकच पुरस्कार मिळाला, तोही संकलक माधव शिंदे यांना. त्या सात आठवड्यांची दुपार शिंद्यांच्या टेबलावर पूर्ण झाली, म्हणून संकलकांबद्दलही इथे बरंच आहे. युद्धाचे माहितीपट आणि ॲनिमेशन मी बाजूला ठेवलं आहे. त्यांचे प्रश्न वेगळे आहेत आणि त्यांना वेगळं पुस्तक लागेल.

तांत्रिक बाजू जिथे आली तिथे सेटवर जे शब्द चालतात तेच ठेवले आहेत. शटर, स्टॉप आणि भिंगांचा गोंधळ होत असेल तर रात्रीचं प्रकरण आधी वाचावं, त्यात हे सगळं सावकाश येतं. आणि ज्यांना या धंद्यात शिरायचं आहे त्यांनी शेवटून दुसऱ्या प्रकरणापासून सुरुवात करावी. ते फोकस पुलर, लाइटमन आणि सेकंड युनिटच्या लोकांशी झालेल्या बोलण्यावर आधारलेलं आहे. त्यांनी नावं न छापण्याच्या अटीवर कामाचे तास, थकलेले पैसे आणि विम्याबद्दल सांगितलं, आणि ती अट मी पाळली आहे.